आवृत्त्यांचा बंदोबस्त

१९७४ साली मुंबईच्या टाटा कन्सल्टन्सी सर्व्हिसेसकडे अमेरिकेतील बरोज कंपनीचे एक काम आले. ते वरकरणी इतके रुक्ष होते, की भारताच्या सॉफ्टवेअर-निर्यातीचा इतिहास लिहिताना त्याचा उल्लेख आरंभीच्या पानांवर करावा लागेल असे कोणी त्या वेळी म्हटले असते, तर ऐकणाऱ्याने ते थट्टेवारी नेले असते. एका रुग्णालयाच्या कारभारासाठी बरोजच्या मध्यम आकाराच्या संगणकांवरील कोबोल भाषेत लिहिलेली प्रणाली त्याच कंपनीच्या लहान संगणकांवरील कोबोलमध्ये उतरवून द्यावयाची, एवढाच त्या कामाचा मजकूर. भाषेचे नाव दोन्हीकडे कोबोलच, यंत्रांचा कर्ताही एकच, आणि तरीही एकीकडचा प्रोग्रॅम दुसरीकडे जसाच्या तसा चालत नव्हता. ही अडचण दूर करण्याचे काम मुंबईतील माणसांनी पत्करले, आणि आयसीएल १९०३ या तिसऱ्याच, ब्रिटिश बनावटीच्या यंत्रावर बसून ते पुरे केले. आपल्या देशाने संगणकाच्या जागतिक बाजारात आरंभी जी कौशल्ये विकावयास काढली त्यांत एकाच भाषेच्या दोन रूपांमधील तंटा मिटविण्याचे कौशल्य होते, हे आज या विषयावर लिहिताना ध्यानात ठेवण्याजोगे आहे.

त्याच्या आदल्या वर्षी, १९७३ मध्ये, केंद्र सरकारने अंधेरी पूर्वेस मरोळच्या औद्योगिक वसाहतीला लागून सांताक्रूझ इलेक्ट्रॉनिक्स निर्यात प्रक्रिया क्षेत्र स्थापन केले होते. या भारदस्त सरकारी नावाचे लोकांनी 'सीप्झ' करून टाकले, आणि बेस्टच्या पाटीपासून थेट भुयारी मेट्रोच्या स्थानकापर्यंत तेच नाव कायम झाले. टाटा-बरोज, पटणी, १९८२ साली निघालेली मास्टेक अशा कंपन्यांनी तेथील एकसाची गाळ्यांत संसार थाटले; शेजारी हिऱ्यांच्या दागिन्यांचे कारखाने, आणि दोघांचाही माल परदेशी जाणारा. अंधेरी स्थानकावरून रोज सकाळी ज्या तरुण-तरुणींचा लोंढा त्या फाटकाकडे जाई, त्यांतील पुष्कळांच्या नशिबी नव्या प्रोग्रॅमची रचना क्वचितच येई. कोणा दूरस्थ बँकेचे किंवा विमा कंपनीचे पंधरा-वीस वर्षांपूर्वीचे प्रोग्रॅम जुन्या कोबोलमधून नव्या कोबोलमध्ये आणणे, हेच त्यांचे नित्यकर्म होते.

हे काम किती बारकाईचे असे, याची कल्पना एका उदाहरणावरून येईल. कोबोलची अमेरिकन प्रमाणके १९६८, १९७४ आणि १९८५ अशी तीन वेळा निघाली, आणि १९८५ च्या प्रमाणकाने भाषेच्या राखीव शब्दांत जी भर घातली तीत 'ऑर्डर', 'क्लास', 'टेस्ट', 'कंटेंट' असे व्यवहारातले साधे शब्द होते. आता, ज्या प्रोग्रॅमरने १९७६ साली ग्राहकाच्या मागणीच्या रकान्याला सरळ मनाने 'ऑर्डर' असे नाव देऊन ठेवले होते, त्याचा प्रोग्रॅम नव्या कंपायलरपुढे ठेवताच नामंजूर होऊ लागला. कारण तो शब्द आता भाषेच्या मालकीचा झाला होता. तरी ही अडचण सोज्ज्वळ म्हणावयाची, कारण कंपायलर निदान तक्रार तरी करतो. खरा घात होई तो तक्रार न होणाऱ्या ठिकाणी. एखाद्या रकान्यात केवळ अक्षरेच आहेत ना, हे तपासण्याची 'अल्फाबेटिक' नावाची एक कसोटी कोबोलमध्ये आहे. १९७४ च्या प्रमाणकानुसार मोठ्या लिपीतील रोमन अक्षरे आणि रिकामी जागा एवढ्यांनाच ती उत्तीर्ण करी. १९८५ पासून ती लहान लिपीतील अक्षरांनाही उत्तीर्ण करू लागली. प्रोग्रॅममधील एकही अक्षर बदलले नाही, कंपायलरने कुरकुर केली नाही, आणि तरीही जे कालपर्यंत बाहेर अडविले जाई ते आज आत येऊ लागले.

हा इतिहास जुना झाला असे ज्यांस वाटत असेल त्यांनी २०१८ सालाकडे पाहावे. त्या वर्षी पायथन ३.७ प्रसिद्ध झाली आणि तिने 'असिंक' हा शब्द राखीव केला. परिणामी सेलेरी या बहुप्रचलित लायब्ररीतील एका भागाचे नावच 'असिंक' असल्यामुळे ती लायब्ररी नव्या पायथनवर चालेनाशी झाली, आणि दुरुस्ती येईपर्यंत अनेकांना ३.६ वरच मुक्काम ठोकावा लागला. माणसे, यंत्रे, देश, सारे बदलले. तंटा अक्षरशः तोच राहिला.

मग प्रश्न असा, की भाषेच्या कर्त्यांनी असे बदल करावेत तरी कशाला? त्याचे उत्तर पायथनच्याच चरित्रात मिळते, आणि ते मला तरी पटते. पायथन २ मध्ये पूर्णांकाला पूर्णांकाने भागले असता अपूर्णांक टाकून दिला जाई. बोरिवलीच्या एखाद्या सोसायटीच्या चिटणीसाने १,००० रुपयांचा किरकोळ खर्च १६ बिऱ्हाडांत वाटावयाचा म्हणून तो प्रोग्रॅमकडे सोपविला, तर पायथन २ प्रत्येकाच्या नावे ६२ रुपये मांडी. खरा हिशेब साडेबासष्टांचा, म्हणजे वसुली ९९२ ची आणि ८ रुपयांचा ठणठणाट. डिसेंबर २००८ मध्ये आलेल्या पायथन ३ ने ही वहिवाट मोडली आणि तेथे भागाकार ६२.५ असा येऊ लागला. सुधारणा योग्यच होती; परंतु ज्या चतुर चिटणीसाने जुन्या भाषेचा स्वभाव ओळखून वरचे ८ रुपये वेगळे मांडण्याची तजवीज प्रोग्रॅममध्ये आधीच करून ठेवली असेल, त्याचा हिशेब या सुधारणेनेच बिघडणार. जुन्या प्रोग्रॅममध्ये जुन्या दोषांचे उपायही मुरलेले असतात. म्हणूनच पायथन २ ला दिलेली निवृत्तीची मुदत आधी २०१५ ची होती ती वाढवून २०२० करावी लागली, १ जानेवारी २०२० रोजी तिचा आधार संपला, आणि तरीही २.७.१८ ही तिची अखेरची आवृत्ती त्या वर्षीच्या एप्रिलात काढून मगच तिला निरोप देण्यात आला.

आता एकाच टेबलावरील परिस्थिती पाहू. अंधेरीच्या एमआयडीसीत किंवा घाटकोपरच्या एखाद्या लहानशा कचेरीत बसलेल्या प्रोग्रॅमरकडे एका ग्राहकाचे काम जावा ८ वर, दुसऱ्याचे जावा १७ वर, तिसऱ्याचे पायथन २.७ वर आणि घरच्या उत्पादनाचे काम पायथन ३.१२ वर असणे, यात काहीही विशेष नाही. यंत्र मात्र एक. त्या यंत्रावर 'पायथन' असा हुकूम सोडला असता त्यास कोणी ओ द्यावी?

संगणकाची पद्धत येथे फार सरळ, किंबहुना भाबडी आहे. 'पाथ' या नावाने त्याच्यापाशी फोल्डरांची एक क्रमवार यादी असते. हुकूम आला की तो त्या यादीतील फोल्डर एकामागून एक उघडतो, आणि त्या नावाची फाइल ज्यात प्रथम सापडेल तिलाच काम सांगून मोकळा होतो; पुढच्या फोल्डरात त्याच नावाची दुसरी, अधिक योग्य फाइल असली तरी तो तिकडे फिरकत नाही. घाटकोपरच्या एखाद्या जुन्या इमारतीत 'शहा' एवढेच नाव लिहिलेले पत्र घेऊन आलेला नवखा पोस्टमन तळमजल्यापासून दारे वाजवीत निघाला आणि ज्या पहिल्या दाराने 'हो, शहाच' म्हटले तेथे पत्र टाकून गेला, तर जे होईल तेच येथे होते. पत्रावर खोली क्रमांक नाही, हा दोष पोस्टमनचा नव्हे.

या भाबडेपणावर नवशिका जो पहिला इलाज करतो तो म्हणजे यंत्राचा मूळचा पायथनच बदलून टाकणे. तो किती महाग पडतो याचा अनुभव सेंटओएस ६ आणि ७ या लिनक्स प्रणाली वापरणाऱ्या असंख्य लोकांनी घेतला आहे. त्या प्रणालींत नवे सॉफ्टवेअर बसविण्याचे काम 'यम' नावाचा कारभारी पाहतो, आणि तो स्वतःच पायथन २ मध्ये लिहिलेला. एखाद्याने उत्साहाच्या भरात 'पायथन' हे नाव पायथन ३ कडे वळविले, की दुसऱ्या दिवशी यम एका स्वल्पविरामावर अडखळून पडलेला दिसे. चूक पकडण्याच्या ओळीत त्रुटीचा प्रकार आणि तिचे नाव यांमध्ये पायथन २ ला स्वल्पविराम चाले, पायथन ३ ला तेथे 'अ‍ॅज' हा शब्द हवा असतो. मौज अशी, की ही मोडतोड दुरुस्त करण्यासाठी जे काही नव्याने बसवावे म्हणावे ते बसविण्याचे साधनच नेमके मोडलेले. यंत्राचा मूळचा पायथन ही यंत्राच्या सरकारची खासगी मिळकत आहे, रयतेने तीत हात घालू नये, हा दंडक पुढे लेखी झाला: २०२३ साली निघालेल्या डेबियन १२ मध्ये मूळ पायथनमध्ये बाहेरची पॅकेजे घुसवू पाहणाऱ्यास 'हा प्रदेश दुसऱ्याच्या व्यवस्थेखाली आहे' अशा अर्थाचा नकार सरळ पडद्यावर मिळतो. पुष्कळांना या नकाराचा राग येतो. मला तो सरकारी नकारांतील दुर्मीळ असा रास्त नकार वाटतो.

योग्य उपाय निघाला तो २०१० च्या सुमारास, आणि तो रुबी व नोड यांच्या मंडळींकडून. टिम कॅस्वेल यांनी नोडसाठी एनव्हीएम हे साधन २०१० साली लिहिले, सॅम स्टीफन्सन यांनी रुबीसाठी आरबीएन्व्ह २०११ साली, आणि त्याच आरबीएन्व्हचा कित्ता गिरवून पायथनसाठी पायएन्व्ह तयार झाले. यांतील पायएन्व्हची रचना जरा जवळून पाहण्यासारखी आहे, कारण तिच्यात वरील भाबडेपणा नाहीसा न करता त्याचाच उपयोग करून घेतला आहे. पाथच्या यादीत सर्वांत आधी पायएन्व्ह आपले एक फोल्डर ठेवते, आणि त्यात 'पायथन', 'पिप' इत्यादी नावांच्या चिमुकल्या फाइली असतात. त्या स्वतः काहीच काम करीत नाहीत. त्या फक्त चौकशी करतात. प्रथम त्या पाहतात, की चालू सत्रापुरती एखादी आवृत्ती मुद्दाम सांगून ठेवली आहे काय. नसल्यास ज्या फोल्डरात माणूस उभा आहे तेथे 'डॉट पायथन-व्हर्जन' नावाची फाइल शोधतात. ती नसल्यास त्याच्या वरच्या फोल्डरात, मग त्याच्याही वरच्या, असे थेट मुळापर्यंत जातात. आणि कोठेच काही न मिळाल्यास सर्वसाधारण म्हणून नेमून दिलेल्या आवृत्तीकडे काम सोपवितात. त्या फाइलीत काय असते? बहुधा एकच ओळ, आणि त्या ओळीत एकच आकडा. परंतु ती फाइल प्रकल्पाच्या इतर फाइलींबरोबर गिटमध्ये जमा होते, मुलुंडच्या सहकाऱ्याकडे जाते, त्याच्या यंत्रावरही तेच उत्तर देते. आणि आवृत्ती ठरविण्याचा अधिकार यंत्राच्या मालकाकडून काढून प्रकल्पाकडे देते. या सगळ्या विषयात मला जे सांगावयाचे आहे ते एवढेच आहे, की हा अधिकार प्रकल्पाचाच असावयास हवा. माझ्या यंत्रावर कोणती पायथन आहे हा प्रश्न मुळातच चुकीचा. या कामाला कोणती हवी, हा खरा प्रश्न.

साधनांमध्ये थोडेफार भेद आहेत. एनव्हीएम फोल्डरात शिरताच आपोआप जागे होत नाही, 'एनव्हीएम यूज' असे त्यास सांगावे लागते किंवा तशी व्यवस्था आधी करून ठेवावी लागते. जावासाठी एसडीकेमॅन आहे. आणि ज्यांच्याकडे पाच भाषांचा राबता आहे त्यांना एएसडीएफसारखे साधन सोयीचे पडते, कारण ते एकाच फाइलीत सर्व भाषांचे आकडे ठेवू देते. यांतले कोणते घ्यावे यावरून तरुण मंडळी जे हिरिरीचे वाद घालतात त्यांत मला स्वारस्य नाही. फाइल लिहिलेली असली म्हणजे झाले.

मात्र आकडा लिहिण्यातही खाचा आहेत. ऑक्टोबर २०२१ मध्ये पायथन ३.१० आली, आणि बरेच दिवस निर्वेध चाललेल्या काही गाड्या एकाएकी रुळावरून घसरल्या. कारण आवृत्तीचा आकडा दिसतो दशांश अपूर्णांकासारखा, असतो मात्र पूर्णांकांच्या जोडीसारखा: ३.९ च्या पुढची ३.१०. ज्यांनी आवृत्तीच्या मजकुराची पहिली तीन चिन्हे तोडून घेण्याचा सोपा मार्ग पत्करला होता त्यांच्या हाती '३.१' आले, म्हणजे २००९ सालची आवृत्ती. आणि यामल पद्धतीच्या फाइलीत ज्यांनी तो आकडा अवतरणचिन्हांवाचून लिहिला, त्यांच्या फाइलीने शेवटचे शून्य निरर्थक समजून गाळले आणि यंत्र बिचारे ३.१ शोधीत बसले. दोन अवतरणचिन्हांची ही गोष्ट आहे. शिवाय, आकडा म्हणजे सर्वस्व नव्हे. २०२१ च्याच ऑक्टोबरात नोड १७ आली तेव्हा तिच्या पोटातील ओपनएसएसएल ही गुप्तलेखनाची लायब्ररी तिसऱ्या आवृत्तीस गेली होती, आणि तिने एमडी४ ही जुनाट पद्धत बंद केली. वेबपॅक ४ हे साधन आतून नेमकी तीच वापरीत असल्याने असंख्य संकेतस्थळांची बांधणी थांबली, आणि त्रुटीच्या संदेशात 'डिजिटल एन्व्हलप' हे शब्द वाचून लोक आपण कधी कोणाला लिफाफा पाठविला होता हे आठवू लागले. जावाच्या बाबतीत तर आकड्याबरोबर पुरवठादाराचे नावही लिहावे लागते; ओरॅकलने २०१९ पासून जावा ८ च्या नव्या दुरुस्त्यांना व्यापारी वापरासाठी परवान्याची अट घातल्यावर अनेक कंपन्या इतरांनी बांधलेल्या मोफत प्रतींकडे वळल्या, त्यांपैकी कोणाची प्रत, ही नोंद आवश्यक झाली.

उपनगरांतील विद्यार्थ्यांचा या विषयाशी संबंध फार लवकर येतो, आणि त्यांस त्याचे नाव मात्र कोणी सांगत नाही. बारावीच्या बायफोकल संगणकशास्त्रात सी++ शिकविताना आपल्याकडील कित्येक कनिष्ठ महाविद्यालयांनी वर्षानुवर्षे टर्बो सी++ वापरले. हे १९९० च्या दशकारंभीचे साधन. डॉससाठी केलेले, निळ्या पडद्याचे, नव्या यंत्रांवर डॉसबॉक्सच्या कुबड्या घेऊन चालणारे. त्यात विद्यार्थी 'आयओस्ट्रीम डॉट एच' आणि 'व्हॉइड मेन' लिहावयास शिकतो, प्रात्यक्षिकात पूर्ण गुण मिळवितो, आणि काही महिन्यांत अभियांत्रिकीच्या प्रयोगशाळेत जी++ समोर बसतो. तेथे पहिल्याच ओळीवर त्यास सांगितले जाते की अशी फाइल अस्तित्वात नाही, आणि ती दुरुस्त केल्यावर सांगितले जाते की 'मेन' ने पूर्णांकच परत दिला पाहिजे. विद्यार्थ्यास वाटते आपल्याला सी++ येत नाही. वस्तुतः त्यास १९९८ च्या प्रमाणकापूर्वीची सी++ चांगली येत असते. भाषेला तारीख असते, ही एक गोष्ट शिकविणाऱ्याने एका वाक्यात सांगितली असती तर तो हिरमुसला नसता.

याच्या उलट एक उत्तम प्रघात याच उपनगरांतील पवईच्या आयआयटीत पडला आहे. प्रा. कन्नन मौद्गल्य यांच्या पुढाकाराने तेथे चाललेल्या 'स्पोकन ट्युटोरियल' या उपक्रमात, मराठीसह अनेक भारतीय भाषांतील निवेदन देऊन, मोफत सॉफ्टवेअरचे लहान लहान दृक्‌श्राव्य पाठ तयार केले जातात. त्यांतील पायथनच्या पाठमालेचे नाव नुसते 'पायथन' नसून 'पायथन ३.४.३' असे आहे. आवृत्ती तिसऱ्या आकड्यापर्यंत शीर्षकातच. ३.४ या शाखेची मुदत मार्च २०१९ मध्ये संपली, म्हणून पाठमाला जुनी झाली असे कोणी म्हणेल, आणि ते खरेही आहे. परंतु ती किती जुनी आहे हे शिकणाऱ्यास पहिल्या क्षणी कळते, आणि पाठात दिसणारे व पडद्यावर येणारे यांत फरक पडला तर तो कोठे शोधावा हेही कळते. बाजारात 'संपूर्ण पायथन' अशा छातीठोक नावाने, आवृत्तीचा उल्लेखही न करता विकल्या जाणाऱ्या पुस्तकांपेक्षा ही जुनी पाठमाला मला अधिक प्रामाणिक वाटते.

२०१३ मध्ये डॉकर आले तेव्हा अनेकांस वाटले, की आता ही सारी कटकट मिटली: भाषा, लायब्ऱ्या, प्रणाली असे सर्व एका कंटेनरात बंद करावे आणि कोठेही न्यावे. बराच भार हलका झाला हे निर्विवाद. परंतु कंटेनरच्या कृतीपत्रात 'पायथन, लेटेस्ट' असे लिहिणारा माणूस त्याच जुन्या घोळात पडतो, कारण आजची लेटेस्ट आणि पुढच्या ऑक्टोबरातील लेटेस्ट या दोन निराळ्या वस्तू आहेत.

उरला प्रश्न किती काळ जुन्यावर राहावे याचा. प्रत्येक घोषणेबरोबर धावत सुटणारे आणि 'चालते आहे ना, मग हात लावू नका' म्हणणारे, असे दोन पंथ प्रत्येक कचेरीत असतात, आणि अनुभव असा आहे की दुसऱ्या पंथाची किंमत उशिरा पण व्याजासह चुकवावी लागते. जुनी आवृत्ती ठेवण्यास हरकत नाही. तिची मुदत कधी संपते हे ठाऊक नसताना ठेवण्यास हरकत आहे. ३.९ पासून पायथनची नवी आवृत्ती दर ऑक्टोबरात येते आणि तिला साधारण पाच वर्षे आधार मिळतो. जावाची दीर्घ मुदतीची आवृत्ती १७ पासून दर दोन वर्षांनी निघते. नोडच्या केवळ सम क्रमांकांवर दीर्घकाळ विसंबावे अशी रीत बरीच वर्षे चालत आली. ज्या वाचकांच्या हाती एखादा चालू प्रकल्प आहे त्यांनी प्रकल्पाच्या मुळाशी आवृत्तीची फाइल आहे की नाही हे आज पाहावे, नसल्यास लिहावी, यामल फाइल असल्यास आकडा अवतरणचिन्हांत ठेवावा, आणि शेजारी मुदतीची तारीख टिपावी. त्या फाइलीत पायथन ३.१० निघाली, तर तिची मुदत ऑक्टोबर २०२६ मध्ये संपते.